मुंज्याचं बिऱ्हाड

पिंपळाचं रोप विकत आणून कुणी गॅलरीत लावलंय, असं मी अख्ख्या ठाण्यात बघितलेलं नाही. तो आपला आपण येतो. बुलबुल, साळुंकी, कावळे कुठल्यातरी देवळामागे पिंपळाची फळं खातात आणि तुमच्या बिल्डिंगच्या पाइपावर बसून मोकळे होतात. त्यात बी असतं. पाइपाचा सांधा गळका असला की त्याला पाणी मिळतं आणि प्लास्टरला भेग असली की घर मिळतं. एक-दोन पावसाळे कुणाचं लक्ष जात नाही. मग बाथरूमची भिंत ओली व्हायला लागते, सोसायटीच्या ग्रुपवर फोटो पडतात आणि सेक्रेटरी मला फोन करतो.

माझं काम एवढंच. दोरीवर लटकून भिंतीतले पिंपळ, वड, उंबर मुळासकट काढायचे आणि भोक बुजवायचं. नौपाड्यापासून कल्याणपर्यंत मला नावाने कुणी ओळखत नाही, सगळे ‘पिंपळवाले’ म्हणतात. या दिवाळी अंकाच्या संपादकबाईंनी फोन केला तेव्हा त्यांनीही तेच विचारलं, पिंपळवाले का? म्हटलं, हो, बोला, कितव्या मजल्यावर आलाय? त्या हसल्या आणि म्हणाल्या, झाड नाही, लेख हवाय. माझ्या हाताला छिन्नीची सवय, पेनाची नाही. तेव्हा जसं येईल तसं वाचून घ्या.

तुम्ही म्हणाल, यात काय एवढं? उपटायचं आणि टाकायचं. उपटून बघा. फांदी हातात येते, मूळ आत राहतं. वरून कापलंत तर तो चिडतो आणि पुढच्या पावसात एकाच्या जागी चार फुटवे घेऊन हजर होतो. वीट आणि प्लास्टर यांच्या मधून त्याचं मूळ पाण्याच्या मागावर सरकत जातं. बाहेर दिसतो वीतभर, आत असतो पुरुषभर. छिन्नीने प्लास्टर उकलत त्याच्या मागोमाग जायचं, हाताला लागेल तेवढं काढायचं, उरलेल्या तंतूंवर औषध ओतायचं आणि मग सिमेंट भरायचं. दमाचं काम आहे, पण अवघड नाही. कुणीही गवंडी चार दिवसांत शिकेल.

मग गवंडी का करत नाहीत? कारण तो पिंपळ आहे. मुळाशी ब्रह्मा, मधे विष्णू, शेंड्याला शंकर. त्यात वर मुंजा. मुंज झालेला मुलगा लग्नाआधी गेला तर तो मुंजा होतो आणि पिंपळावर बिऱ्हाड करतो, हे मराठी माणसाला शाळेत शिकवावं लागत नाही. पिंपळ तोडणाऱ्याचा निर्वंश होतो, हेही शिकवावं लागत नाही.

नौपाड्यातल्या एका सोसायटीत पिंपळ कोणत्या वारी काढायचा यावर मीटिंग भरलेली. मीही चहा घेत बसलेलो. शनिवारी नको, त्या दिवशी त्यात लक्ष्मी येते. रविवारी नको, रविवारी पिंपळाला शिवायचंसुद्धा नसतं. सोमवार शंकराचा, मंगळवार देवीचा, गुरुवारी चेअरमनचा उपास. उरलेल्या वारांमध्ये कुणाच्या ना कुणाच्या सासूबाई आडव्या आल्या. सेक्रेटरी निवृत्त बँक मॅनेजर, अंधश्रद्धेच्या विरोधात पेपरात पत्रं लिहिणारे. ते गालातल्या गालात हसत होते. मीटिंग संपल्यावर त्यांनी मला जिन्यात गाठलं आणि हळूच म्हणाले की तुम्ही तुमच्या सोयीने या, फक्त आम्हाला कळवू नका. मी गेलो त्या दिवशी अख्ख्या बिल्डिंगच्या खिडक्या बंद होत्या.

माझा जोडीदार रफिक गच्चीवर दोर सांभाळतो. माझा जीव त्याच्या हातात असतो आणि तो एकीकडे तंबाखू मळत असतो. पहिला घाव रफिकने घालावा, म्हणजे पाप लागायचा प्रश्न नाही, असाही तोडगा काही सोसायट्यांनी काढलेला. रफिक म्हणायचा, “मेरेको क्यूं नहीं लगेगा रे? झाड को क्या मालूम मेरा नाम?” त्याच्या घरी मुलं, सुना, नातवंडं, पाय ठेवायला जागा नाही. आणि माझ्याइतकेच पिंपळ त्यानेही काढलेत.

सगळेच घाबरत नाहीत. खाडीकाठच्या कोळीवाड्यातल्या एका मावशीने मला बोलावलेलं. तिच्या स्वयंपाकघराच्या जोत्यातून उंबर आलेला, भिंत फुगलेली. मी हत्यारं काढली तशी ती म्हणाली, काढायचा नाही, भिंत पाड. उंबर आला म्हणजे दत्त आला, त्याला काय बाहेर काढतात? मग मी आणि रफिकने भिंत आत घेऊन बांधली. तिचा ओटा हातभर लहान झाला. ती त्यावरच मासळी साफ करते आणि उंबराला सुकटाचा वास सोसावा लागतो. मला तिचं वागणं फार आवडलं.

आता माझं सांगतो, म्हणजे पुढचं कळेल. मला मूलबाळ नाही. मी आणि माझी बायको सुमन, दोघांचीही डॉक्टरांनी तपासणी केली, कुणात काही सापडलं नाही. जिथं डॉक्टरला काही सापडत नाही तिथं लोकांना पिंपळ सापडतो. सुमनच्या माहेरचे तोंडावर बोलले. बारशाला बोलावणं यायचं बंद झालं, आलं तर ‘या हं सावकाश’ असं यायचं, म्हणजे पाळणा हलून झाल्यावर. सुमन मात्र मला कधी एका शब्दाने बोलली नाही. ती शनिवारी मारुतीच्या देवळातल्या पिंपळाला प्रदक्षिणा घालायची, इतकंच. आठवडाभर मी काढायचो आणि शनिवारी ती फेऱ्या मारायची. धंदा सोड, असं ती एकदा म्हणाली असती तर मी सोडला असता. ती न बोलताच गेली. दिवा स्टेशनजवळच्या आमच्या खोलीत आता मी एकटाच असतो. टीव्ही लावून ठेवतो, बघत नाही.

हे काम मला अप्पांनी शिकवलं. अप्पा म्हणजे जुने गवंडी, मी त्यांच्या हाताखाली वाढलो. त्यांची एक रीत होती. झाड काढायच्या आदल्या दिवशी वर जायचं, मुळाशी तांदूळ आणि सुपारी ठेवायची, हात जोडायचे आणि सांगायचं, ‘ज्या कुणाचं इथं बिऱ्हाड असेल त्यांनी राग न धरता दुसरीकडे हलवावं. उद्या येतोय.’ पाखरू असो, मुंगी असो नाहीतर आणखी कुणी, न सांगता घरातून काढू नये, असं अप्पांचं म्हणणं. मी मानतो का, हे मला धड सांगता येणार नाही. पण ती रीत मी कधी चुकवली नाही. आणि इतक्या वर्षांत मला कुणी उलट विचारलंही नाही, एका बाईंशिवाय.

त्या बाई म्हणजे नलिनीताई. नौपाड्यातच, एका जुन्या बिल्डिंगच्या तिसऱ्या मजल्यावर मागच्या बाजूला राहायच्या. त्यांच्या स्वयंपाकघराच्या खिडकीखाली, पाइपाला लागून पिंपळ आलेला. चांगला हातभर वाढलेला. त्याच्या मुळामुळे खालच्या मजल्यावर गळती. तिथं एक तरुण जोडपं राहायचं, घरात तान्हं बाळ. बाळाला आंघोळ घालतात त्या पाटावर वरच्या स्लॅबचा तुकडा पडला. नशीब, बाळ तेव्हा पाळण्यात होतं. तेव्हा पिंपळ काढणं भागच होतं, त्यात दुमत नव्हतं. पण सोसायटीने नलिनीताईंना सांगितलेलं की रंगाचं काम आहे. असं का सांगितलं, ते मला कुणी सांगितलं नाही.

कार्तिकातली दुपार होती. मी दोरीवरून उतरलो, पिंपळाच्या समोर आलो, तांदूळ ठेवले, सुपारी मुळाच्या बेचक्यात अडकवली आणि नेहमीचं वाक्य म्हटलं. ग्रिलच्या आतून आवाज आला.

“कुठे जायचं त्याने?”

मी वर बघितलं. साठी ओलांडलेल्या एक बाई उभ्या होत्या, हातात प्लास्टिकचा मग, मगाला सुतळी बांधलेली. मगात दूध-पाणी होतं. त्या रोज तो मग खिडकीतून खाली सोडून पिंपळाला घालायच्या, हे मला तिथंच लटकत असताना कळलं.

मी म्हटलं, ताई, ही आपली एक रीत आहे. त्या म्हणाल्या, रीत मला कळली, पण घर सोडायला सांगताना पत्ताही सांगायला नको का? शाळेत शिकवलेल्या बाई, आवाज चढवला नाही. मग म्हणाल्या, थांबा, चहा टाकते. मी आणि चहा यांच्यामध्ये ग्रिल. कप त्यांनी गजांमधून दिला, मी दोरीवर बसून प्यायलो आणि त्या आतून बोलत राहिल्या. वरून रफिक दोन वेळा ओरडला, जिंदा है क्या म्हणून.

त्यांचा एकुलता एक मुलगा निखिल बारावीत असताना डेंग्यूने गेला. त्याचे वडील आधीच गेलेले. निखिलची मुंज झालेली होती, थाटात. तो गेला त्याच्या पुढच्या पावसाळ्यात खिडकीखाली दोन पानं दिसली. पिंपळाचीच आहेत हे कळलं तेव्हा बिल्डिंगमधल्या बायका आपापल्या मुलांना मागच्या गल्लीत खेळायला पाठवेनात. नलिनीताईंना मात्र बरं वाटलं. त्या म्हणाल्या, “लोक मुंज्याला भितात. माझा तर मुलगा आहे तो. घरी आलाय, आत येत नाही एवढंच.”

मी कप परत दिला. खालच्या बाळाचं सांगितलं. सोसायटीने त्यांना तेही सांगितलेलं नव्हतं. त्यांनी कप ओट्यावर ठेवला आणि त्या म्हणाल्या, मग काढायलाच हवं. पण माझ्या प्रश्नाचं उत्तर घेऊन उद्या या.

त्या संध्याकाळी मला जेवण गेलं नाही. इतक्या भिंतींवर मी सांगत आलो, दुसरीकडे हलवा, दुसरीकडे हलवा. दुसरीकडे म्हणजे कुठे, हे आपण कधी मनात तरी आणलं का? सुमन असती तर तिला विचारलं असतं. मग वाटलं, ती असती तर हे तिला सांगायची छातीच झाली नसती.

सकाळी मी औषधाची बाटली घरीच ठेवली. रफिकला म्हटलं, आज कापायचं नाही, अख्खा काढायचाय. तो म्हणाला, पागल हो गया. जे काम एरवी तासाभराचं, त्याला दिवस गेला. बोटभर प्लास्टर उकलायचं, मूळ मोकळं करायचं, ओल्या गोणपाटात गुंडाळायचं, पुन्हा बोटभर. शेवटी बुंधा भिंतीतून सुटायला आला तेव्हा त्याला धरायला हात हवा होता. नलिनीताईंनी ग्रिलमधून दोन्ही हात कोपरापर्यंत बाहेर काढले आणि त्याला धरलं. मी शेवटचं मूळ सोडवेपर्यंत त्यांनी सोडलं नाही. हातांवर गजांचे वळ उठले.

मी म्हटलं, “ताई, माझ्याकडे नेतो. दिव्याला.”

त्या म्हणाल्या, मुंजा लहान मुलांना धरतो म्हणतात, तुमच्याकडे मुलं आहेत का? मी म्हटलं, कुणी नाही, मी एकटाच असतो.

“मग तिथे त्याला करमेल का हो?” त्यांनी विचारलं.

मला हसायला आलं. म्हटलं, मलाच करमत नाही, आता दोघं मिळून बघू.

पिंपळ घरात ठेवत नाहीत. दिव्यात आमच्या बिल्डिंगच्या मागे खाडीच्या अंगाला थोडी मोकळी जमीन आहे, तिथं मारुतीची घुमटी. तिच्या बाजूला मी तो लावला. दिव्यात पाणी म्हणजे काय चीज आहे, ते तिथं राहणाऱ्यालाच विचारा. टँकर आला की बायका हंड्यांवरून भांडतात, आणि मी माझ्या वाट्यातला कॅन उचलून झाडाला घालायला जायचो. माणसांना प्यायला नाही आणि म्हातारा झाडं जगवतोय, असं लोक मला ऐकू जाईल एवढ्या मोठ्याने बोलायचे. बोलोत बापडे.

थोड्याच दिवसांत त्याची सगळी पानं गळली. नुसती काठी उरली. नलिनीताई दर शनिवारी फोन करायच्या, कसा आहे म्हणून. मी सांगितलं, पानं गेली, पण नखाने खरवडलं तर आत हिरवा आहे. त्या म्हणाल्या, नवीन जागी निखिलही आधी जेवायचा नाही. मग एकदा तांबूस कोंब दिसले आणि मी कॅन तिथंच टाकून त्यांना फोन लावला. फोनवर नुसतं नाक ओढल्याचं ऐकू आलं.

खरं सांगायचं तर मला सवय झाली. सकाळी पाणी घालताना मी त्याच्याशी बोलायला लागलो. आज कुठं काम आहे, रफिकचा नातू काय बोबडं बोलतो, कालची भाजी कशी खारट झाली. आधी नुसतं बोलायचो, मग ‘निखिल’ म्हणायला लागलो. जोराने नाही, मनातच, पण ओठ हलायचे. मुंजा-बिंजा मी मानत नाही असं मी रफिकला सांगायचो. तो म्हणायचा, अच्छा है, मत मान, पर रोज जाता है ना? मी जायचो. घरातून निघताना कुणाला तरी सांगून निघाल्यासारखं वाटायचं. मुलगा असता तर या वयात आमचं असंच चाललं असतं, तो गप्प आणि मी बडबडतोय.

पुढच्या वर्षी नलिनीताईंची बिल्डिंग पाडून नवी बांधायचं ठरलं. नाशिकची बहीण त्यांना कायमची ये म्हणाली. त्या पहिल्यांदाच दिव्याला आल्या, रिक्षातून उतरून घुमटीपर्यंत चालत. पिंपळ तोवर त्यांच्या खांद्याला लागला होता. त्यांनी त्याच्यावरून हात फिरवला आणि म्हणाल्या, मी चालले लांब. याला असं मधेच अडकवून ठेवून जायचं मला पटत नाही. सोडमुंज राहिलीय त्याची, ती करू.

सोडमुंज म्हणजे मुंजीतलं व्रत सोडवायचं. ती झाली की मुलगा मोकळा, आणि ज्याची राहिली तोच मुंजा. त्यात एक गमतीचा भाग असतो. मुलगा छत्री, काठी, शिदोरी घेऊन काशीला निघतो आणि मामा त्याला अडवतो, जाऊ नकोस, तुला माझी मुलगी देतो. मग मुलगा परत फिरतो आणि सगळे हसतात. नलिनीताईंना भाऊ नव्हता. त्या मला म्हणाल्या, तुम्ही मामा म्हणून उभे राहाल का? मी हो म्हटलं. अशी हाक मला आयुष्यात कुणी मारली नव्हती, मी विचारच केला नाही. त्या गेल्यावर माझ्या ध्यानात आलं की याचा अर्थ तो जाणार.

गुरुजी आधी कुरकुरले. पिंपळाची मुंज लावतात, सोडमुंज कुणी ऐकलीय, म्हणाले. पण नलिनीताईंकडे बघून आले. मी, रफिक, गुरुजी आणि त्या, एवढेच. विधी झाले. पिंपळ काही चालणार नाही, म्हणून त्याच्या वतीने छत्री आणि शिदोरी नलिनीताईंनी घेतली आणि त्या खाडीच्या दिशेने निघाल्या. गुरुजी माझ्याकडे वळले. “मामा, अडवा. म्हणा, जाऊ नकोस, माझी मुलगी देतो.”

मला अडवायचं होतं. शपथेवर सांगतो, कुणाला इतकं अडवावंसं मला कधी वाटलं नव्हतं. सुमनला अडवता आलं नाही, ती हॉस्पिटलात होती आणि मला बाहेर बसवलेलं. इथं तर हातभर अंतर होतं, आणि अडवणं हीच रीत होती. नलिनीताई थांबल्या होत्या. पाठमोऱ्याच. मी अडवलं असतं तर त्या फिरल्या असत्या, हे मला दिसत होतं.

मी म्हटलं, “निखिल, माझ्याकडे मुलगी नाही रे. तुला कशाच्या बळावर अडवू? जा तू.”

गुरुजी मंत्र विसरले. नलिनीताई वळल्या नाहीत. त्या सरळ चालत खाडीपर्यंत गेल्या, छत्री आणि शिदोरी काठावर ठेवली आणि रिकाम्या हातांनी परत आल्या. माझ्यासमोर उभ्या राहून म्हणाल्या, “मला नसतं जमलं, मामा.” रफिकने त्यांना रिक्षापर्यंत सोडलं.

त्या नाशिकला आहेत, बऱ्या आहेत. शनिवारचे फोन थांबले, ते बरोबरच आहे, विचारायचं कुणाबद्दल? पिंपळ आता माझ्या डोक्यावर गेलाय. शनिवारी बायका येऊन त्याला दोरा गुंडाळतात, दिवा लावतात, खाली बसून भाज्या निवडतात. मी अजून रोज सकाळी कॅन घेऊन जातो, पाणी घालतो. बोलत नाही.